मुदतीची किंमत

घरासाठी कर्ज काढायला गेलेला माणूस पहिला प्रश्न विचारतो तो हप्त्याचा. महिन्याला किती बसेल? पगारातून घरखर्च, मुलांची फी, गावी पाठवायचे पैसे वजा केल्यावर जे उरते त्यात हप्ता बसला, की घर परवडले असे आपण धरून चालतो. प्रश्न चुकीचा नाही. दर महिन्याला खात्यातून कापली जाणार ती हप्त्याचीच रक्कम. पण घर शेवटी केवढ्याला पडले हे हप्त्यावरून कळत नाही, ते मुदतीवरून कळते. आणि मुदत मात्र बहुतेक जण समोरचा सांगेल ती मान्य करतात. तो २० वर्षे म्हणाला तर २०, हप्ता जरा जड वाटतोय म्हटल्यावर तो ३० म्हणाला तर ३०.

पुण्यातला साडेबासष्ट लाखांचा टू बीएचके धरू. साडेबारा लाख पदरचे, ५० लाख कर्ज, व्याजदर ८.५ टक्के, मुदत २० वर्षे. हप्ता येतो ४३,३९१ रुपये. असे २४० हप्ते, म्हणजे एकूण परतफेड १ कोटी ४ लाख १४ हजार. मुद्दल ५० लाख आणि व्याज ५४ लाख १४ हजार. दर बदलला नाही असे धरून हा हिशेब आहे, आणि तो बदलतोच. त्याकडे पुढे येऊ.

पहिल्या महिन्याचा हप्ता उलगडून पाहिला तर ४३,३९१ पैकी ३५,४१७ रुपये व्याजात जातात आणि मुद्दलातून फिटतात फक्त ७,९७४. बँक यात लबाडी करत नाही. व्याज नेहमी बाकी मुद्दलावर लागते आणि सुरुवातीला जवळजवळ सगळे मुद्दल बाकीच असते. हप्ता सारखाच राहतो, त्यातला व्याजाचा वाटा महिन्यागणिक थोडा थोडा घटतो आणि मुद्दलाचा वाढतो. पण हे फार हळू होते. ५ वर्षांत तुम्ही २६ लाख रुपये भरलेले असता आणि कर्ज कमी झालेले असते ६ लाखांहून थोडे कमीच. १० वर्षांनी, म्हणजे निम्मी मुदत सरल्यावर, ५२ लाख भरून झालेले असतात, तरी ३५ लाख डोक्यावर असतात. मुद्दल निम्म्यावर यायला साधारण १३ वर्षे १० महिने लागतात. मुदत निम्मी सरली की कर्जही निम्मे फिटले असेल, हा आपला समज इतका पक्का असतो, की बँकेचे विवरण हातात आल्यावर अनेकांना त्यात काही तरी चूक आहे असेच वाटते. चूक नसते.

आता मुदत बदलून पाहू. हेच कर्ज १५ वर्षांचे केले तर हप्ता ४९,२३७ होतो आणि एकूण व्याज ३८ लाख ६३ हजार. ३० वर्षांचे केले तर हप्ता ३८,४४६ वर येतो आणि व्याज ८८ लाख ४० हजारांवर जाते. २० वरून ३० वर्षांवर गेल्याने महिन्याला ४,९४५ रुपयांचा दिलासा मिळाला आणि त्यासाठी एकूण ३४ लाखांहून अधिक जास्त मोजावे लागले. व्याजदरात पाव टक्का कमी करून घ्यायला आपण चार बँका पालथ्या घालतो. त्या पाव टक्क्यापेक्षा मुदतीचा हा एक निर्णय कित्येक पट मोठा आहे आणि तो टेबलासमोर बसून पाच मिनिटांत घेतला जातो. ३० वर्षांच्या मुदतीत इमारतीचेही वय होते. महाराष्ट्रातल्या गृहनिर्माण संस्थांच्या आदर्श उपविधींनुसार १५ वर्षांपुढच्या इमारतीचे संरचनात्मक परीक्षण दर पाच वर्षांनी आणि ३० वर्षांपुढच्या इमारतीचे दर तीन वर्षांनी करावे लागते. म्हणजे कर्ज फिटण्याआधीच इमारतीच्या दुरुस्तीची वर्गणी दारात उभी राहते.

दराची गोष्ट अलीकडच्या काळात सगळ्यांनी अनुभवली आहे. २०२१ मध्ये मोठ्या बँकांचे गृहकर्जाचे दर ७ टक्क्यांच्याही खाली होते. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची तरत्या दराची नवी गृहकर्जे बाहेरच्या मानदंडाला जोडणे रिझर्व्ह बँकेने सक्तीचे केले आणि बहुतेक बँकांनी त्यासाठी रेपो दर, म्हणजे रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दराने उसने पैसे देते तो दर, निवडला. २०२१ मध्ये रेपो ४ टक्के होता. मे २०२२ पासून तो चढू लागला आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये ६.५ टक्क्यांवर पोहोचला. नऊ महिन्यांत अडीच टक्के.

याचा परिणाम पाहू. ५० लाखांचे कर्ज, दर ६.७ टक्के, मुदत २० वर्षे. हप्ता ३७,८७० रुपये. दीड वर्ष हप्ते भरल्यावर बाकी राहते ४८ लाख १२ हजार. समजा दर याच टप्प्यावर ९.२ टक्के झाला. आता त्या बाकीवर एका महिन्याचे व्याजच होते सुमारे ३६,९०० रुपये. हप्ता तोच ठेवला तर मुद्दलात जेमतेम हजार रुपये जातात आणि उरलेली साडेअठरा वर्षांची मुदत ताणून जवळपास ४० वर्षांची होते. प्रत्यक्षात दर टप्प्याटप्प्याने चढले आणि ठरावीक वयापलीकडे मुदत नेता येत नसल्याने बँकांना कुठे तरी थांबावेच लागले. तरीही असंख्य कर्जदारांची मुदत अशी वाढत गेली आणि त्यांना ते कळलेसुद्धा नाही, कारण खात्यातून कापली जाणारी रक्कम बदललीच नव्हती.

रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ रोजी काढलेले परिपत्रक याच अनुभवातून आले. दर बदलल्यावर हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे, हे ठरवण्याचा पर्याय कर्जदाराला देणे त्यामुळे बंधनकारक झाले. मुदत इतकी ताणायची नाही, की हप्त्यातून व्याजही निघू नये आणि बाकी उलट वाढत जावी, हेही त्यात आहे. दर तिमाहीला विवरण द्यायचे आणि त्यात आतापर्यंत वसूल झालेले मुद्दल, व्याज, हप्त्याची रक्कम, उरलेले हप्ते आणि वार्षिक दर एवढे दाखवायचे. हे विवरण ईमेलवर येते किंवा बँकेच्या अ‍ॅपमध्ये मिळते. त्यातला ‘उरलेले हप्ते’ हा रकाना तेवढा दर वेळी नक्की पाहा. मागच्या तिमाहीपेक्षा तो तीनने कमी झालेला असायला हवा. नसेल, तर शाखेत जाऊन कारण विचारणे हा तुमचा हक्क आहे.

दर उतरतात तेव्हा हेच उलटे होते आणि तिथे संधी असते. २०२५ मध्ये रेपो ६.५ वरून ५.२५ टक्क्यांवर आला. सव्वा टक्का. साडेआठ टक्क्यांचे आपले कर्ज सुरुवातीलाच सव्वासातवर आले असे धरा आणि हप्ता तोच, ४३,३९१, ठेवा. २४० पैकी सुमारे ४२ हप्ते गळून जातात. म्हणून दर कमी झाला, की हप्ता कमी करून मागण्याचा मोह टाळावा, असे माझे स्पष्ट मत आहे. हप्ता आपल्या सवयीचा झालेला असतो, त्याची झळ नव्याने लागत नाही. मात्र कर्ज जुने असेल आणि ते एमसीएलआर (बँकेने स्वतःच्या निधीच्या खर्चावरून ठरवलेला दर) किंवा त्याआधीच्या पद्धतीला जोडलेले असेल, किंवा ते गृहवित्त कंपनीकडून घेतलेले असेल, तर रेपो उतरला तरी दर त्याच वेगाने उतरेल असे नाही. थोडे शुल्क भरून नव्या दरावर जाता येते का, हे विचारावे. अर्ध्या टक्क्याचा फरकही लहान नसतो: ५० लाखांवर २० वर्षांसाठी ८.५ आणि ९ टक्के यांत ३ लाख ८३ हजारांचे अंतर आहे.

सुरुवातीच्या खर्चांविषयी थोडक्यात. पुणे महापालिका हद्दीत पुरुषाच्या नावावरच्या खरेदीला मुद्रांक शुल्क ७ टक्के, स्त्रीच्या नावावर असेल तर १ टक्का कमी. नोंदणी शुल्क १ टक्का, पण ३० हजारांच्या वर नाही. बांधकाम चालू असलेल्या आणि परवडणाऱ्या घरांच्या गटात न बसणाऱ्या फ्लॅटवर ५ टक्के जीएसटी, भोगवटा प्रमाणपत्र मिळाल्यानंतर विकलेल्या फ्लॅटवर तो नाही. साडेबासष्ट लाखांवर हे सगळे मिळून पावणेआठ लाख होतात, आणि बँक साधारणपणे यासाठी कर्ज देत नाही. ३० ते ७५ लाखांच्या कर्जात घराच्या किमतीच्या ८० टक्क्यांपर्यंतच रक्कम देता येते, आणि घराची किंमत दहा लाखांपुढची असेल तर मुद्रांक शुल्क, नोंदणी त्या किमतीत धरत नाहीत. म्हणजे हाताशी साडेबारा नव्हे, वीस लाख हवेत. ते नसले, की लोक दुसरे, महागडे वैयक्तिक कर्ज काढतात. घराचे गणित बिघडते ते इथून. ताबा मिळेपर्यंत नुसते व्याज भरण्याची सोय, म्हणजे प्री-ईएमआय, हीसुद्धा नीट समजून घ्यावी. त्या काळात भरलेल्या एका रुपयानेही मुद्दल हलत नाही, आणि ताबा लांबला तर हा काळही लांबतो.

कर्जासोबत पुढे केला जाणारा एकरकमी विमा मला जास्त खटकतो. विमा हवाच, घरातला कमावता माणूस गेला तर कर्ज कुटुंबावर पडू नये. पण विम्याचा २ लाखांचा हप्ता कर्जातच मिळवला, तर त्यावरही २० वर्षे व्याज चालू राहते आणि तो विमा ४ लाख १७ हजारांना पडतो. मुदतीचा विमा स्वतंत्र घेतला तर हे टळते. १ ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक नव्या गृहकर्जासोबत ‘मुख्य तथ्य विवरण’ देणे बंधनकारक आहे. प्रोसेसिंग फी, बँकेमार्फत घेतलेला विमा, कायदेशीर तपासणीचा खर्च धरून वार्षिक दर प्रत्यक्षात किती पडतो, तो त्यात छापलेला असतो. दोन बँकांची तुलना करायची तर जाहिरातीतल्या दराची नव्हे, या आकड्याची करावी.

करसवलतीसाठी कर्ज चालू ठेवावे, असा सल्ला अजून सर्रास दिला जातो. जुन्या कररचनेत स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजावर वर्षाला २ लाखांपर्यंत वजावट मिळते. नव्या रचनेत ती मिळत नाही, आणि आता नवीच रचना आपोआप लागू होते. जुन्या रचनेत असलात तरी शंभर रुपये व्याज भरून तीस रुपये कर वाचवण्यात सत्तर रुपये जातातच.

इतके सगळे मांडल्यावर दुसरी बाजूही तितक्याच प्रामाणिकपणे मांडायला हवी. ५४ लाख व्याज हा आकडा घाबरवणारा आहे, पण तो आजच्या रुपयांत नाही. महागाई वर्षाला ५ टक्के धरली, तर २० वर्षांनंतरच्या शेवटच्या हप्त्याचे मोल आजच्या साडेसोळा हजारांहून कमीच असेल. सगळे २४० हप्ते आजच्या रुपयांत आणले तर बेरीज ६६ लाखांच्या आसपास येते, म्हणजे ५० लाखांवर सोळा लाख. पगार वाढत गेला तर हप्ता हलका होत जातो, हे आपल्या आधीच्या पिढीने अनुभवले आहे. शिवाय घर घेतले नसते तर भाडे द्यावेच लागले असते, आणि तेही दरवर्षी वाढले असते. म्हणून कर्ज काढून घर घेणे मूर्खपणाचे आहे, असे म्हणणाऱ्यांशी मी सहमत नाही. मात्र हा सगळा युक्तिवाद पगार वाढत राहील यावर उभा आहे. पगार थांबला, तर हप्त्याचे ओझे जिथल्या तिथे राहते.

पगार वाढत असेल तर त्यातला थोडा भाग कर्जाकडे वळवणे हा या सगळ्यावरचा सर्वांत परिणामकारक उपाय आहे. दरवर्षी एक हप्ता जादा भरला तर २० वर्षांचे कर्ज सुमारे १६ वर्षे ८ महिन्यांत संपते आणि दहा लाखांहून अधिक व्याज वाचते. हप्ताच दरवर्षी ५ टक्क्यांनी वाढवत नेला तर ते १२ वर्षे आणि दोन-तीन महिन्यांत फिटते, व्याज ५४ ऐवजी साधारण साडेचौतीस लाखांवर येते. त्यासाठी तेराव्या वर्षी हप्ता ७८ हजारांच्या घरात गेलेला असेल, हेही लक्षात ठेवावे. व्यक्तींच्या तरत्या दराच्या गृहकर्जावर मुदतपूर्व परतफेडीचे शुल्क आकारायला रिझर्व्ह बँकेने २०१२ मध्येच बँकांना मनाई केली आहे. स्थिर दराच्या कर्जावर मात्र ते लागू शकते. जादा भरलेल्या प्रत्येक रुपयावर मिळणारा परतावा म्हणजे तुमच्या कर्जाचा दर, करमुक्त आणि जोखीमविरहित. साध्या मुदत ठेवीत कर भरून एवढे हाती येत नाही. सहा महिन्यांचा घरखर्च आणि हप्ते बाजूला ठेवून मगच हे करावे, कारण कर्जात भरलेले पैसे आजारपणात परत मिळत नाहीत. आणि जादा रक्कम भरताना मुदत कमी करायची आहे, हप्ता नव्हे, असे अर्जात स्पष्ट लिहून त्याची पोच घ्यावी. जादा रक्कम शक्य तितकी पहिल्या सात-आठ वर्षांत भरावी, कारण व्याजाचा मोठा वाटा तिथेच असतो.

शेवटचा हप्ता गेल्यावर मूळ दस्तऐवज ३० दिवसांत परत करणे आणि नोंदवलेला बोजा काढणे बँकेवर बंधनकारक आहे. १ डिसेंबर २०२३ पासून बँकेच्या चुकीने उशीर झाल्यास दिवसाला ५,००० रुपये भरपाई कर्जदाराला मिळते. कर्ज फिटल्याचा दाखला घेऊन तो सोसायटीच्या कार्यालयातही द्यावा आणि तिथल्या दप्तरात बँकेच्या नावाने असलेली नोंद रद्द करून घ्यावी.