यंत्राचे अनुमान आणि कार्यकारणभाव

यंत्राला एखादी संकल्पना शिकविणे म्हणजे तिची व्याख्या सांगणे नव्हे. उदाहरणे व त्यांची योग्य उत्तरे यंत्रापुढे ठेवली जातात आणि आपल्या सूत्रातील सहगुणक थोडेथोडे बदलीत ते चूक कमी करीत जाते. अशा रीतीने हाती येणारे ज्ञान साहचर्याचे असते. त्याला कारणाचे ज्ञान म्हणता येईल काय? हा प्रश्न केवळ तात्त्विक नाही.

१९९० नंतरच्या दशकात अमेरिकेत न्यूमोनियाच्या कोणत्या रुग्णांना मृत्यूचा धोका अधिक आहे, हे यंत्राकडून वर्तविण्याचा प्रयत्न झाला. धोका कमी असलेल्यांवर घरीच उपचार करावेत, हा हेतू. जुन्या नोंदींवरून यंत्राने एक नियम काढला: दमा असलेल्या रुग्णास न्यूमोनियाने मृत्यू येण्याचा संभव कमी! नोंदींपुरता हा नियम खरा होता. दम्याच्या रुग्णांना बहुधा थेट अतिदक्षता विभागात नेत आणि तेथील उपचारांमुळे ते वाचत. नियमानुसार त्यांना घरी पाठविले असते, तर ज्यामुळे ते जगत होते तेच नाहीसे झाले असते. न्यूरल नेटवर्क पद्धतीचे प्रतिमान सर्वांत अचूक ठरले होते. तथापि त्याच्या अंतरंगात असे आणखी काय दडले आहे हे उमगत नसल्याने ते रुग्णांसाठी वापरले गेले नाही.

आपल्या न्यायशास्त्राला हा दोष परिचित आहे. ‘जेथे अग्नी तेथे धूर’ हे साहचर्य ओल्या इंधनाच्या संयोगावर अवलंबून असते. ही उपाधी न ओळखता केलेले अनुमान फसते. येथे अतिदक्षतेचे उपचार हे त्या ओल्या इंधनाच्या जागी होते.

जूडिया पर्ल यांनी कारणविचाराच्या तीन पायऱ्या सांगितल्या आहेत: निरीक्षण, हस्तक्षेप आणि ‘तसे झाले नसते तर?’ ही कल्पना. दम्याचे रुग्ण किती वाचले, हा पहिल्या पायरीचा प्रश्न. त्यांना घरी पाठविल्यास काय होईल, हा दुसरीचा. पहिल्या पायरीवरील नोंदी कितीही वाढविल्या, तरी केवळ त्यांच्या बळावर दुसरीचे उत्तर सामान्यतः मिळत नाही. त्यासाठी प्रयोग तरी हवा, किंवा कारणांच्या रचनेविषयी स्पष्ट गृहीतके तरी.

म्हणून प्रतिमानाची अचूकता पाहिल्यावर अभ्यासकाने आणखी एक प्रश्न विचारावा: ज्या परिस्थितीत या नोंदी झाल्या, ती परिस्थिती या भाकितावर कृती केल्यानंतरही टिकेल काय?