खाजणातील कारागिरांची बेटे

इटलीच्या ईशान्य किनाऱ्यावर, एड्रियाटिक समुद्राच्या टोकाशी, सुमारे ५५० चौरस किलोमीटर क्षेत्राचे एक उथळ खाजण पसरलेले आहे. समुद्र आणि खाजण यांच्यामध्ये वाळूच्या लांबट पट्ट्या असून त्यांतील लिदो, मालामोक्को व किओज्जा या तीन मुखांतून भरतीचे पाणी आत येते आणि ओहोटीबरोबर बाहेर जाते. व्हेनिस हे जगप्रसिद्ध शहर याच खाजणात वसले आहे. शहर पाहावयास येणारे पुष्कळ प्रवासी त्यातून थोडा वेळ काढून उत्तरेकडील मुरानो, बुरानो आणि तोर्चेल्लो या तीन बेटांची सफर करतात. मार्गदर्शकासह मोटारबोटीने निघणारी ही सफर बहुधा अर्ध्या दिवसात उरकते. मुरानोवर काच, बुरानोवर लेस आणि तोर्चेल्लोवर प्राचीन चर्च, असा तिचा साधारण कार्यक्रम असतो.

सफर मनोरंजक आहे, यात शंका नाही. परंतु हस्तव्यवसायाच्या गावी पर्यटक नेण्याच्या योजना ज्यांना आखावयाच्या आहेत, त्यांनी ती जरा निराळ्या दृष्टीने पाहण्यासारखी आहे. पर्यटक आले की कारागिरी जगते, असे सरळ गणित येथे दिसत नाही. एकाच जलमार्गावरील दोन बेटांपैकी एकावर भट्ट्या अजून पेटत्या आहेत, तर दुसऱ्यावर सुई धरणारे हात जवळजवळ संपले आहेत. पर्यटकांची गर्दी मात्र दोन्हीकडे आहे.

बोट शहराच्या उत्तर धक्क्यापासून पुढे गेली की प्रथम सान मिकेले हे भिंतींनी वेढलेले स्मशानभूमीचे बेट लागते. पाणी विस्तीर्ण दिसले तरी बहुतेक ठिकाणी ते फार उथळ आहे. बोटींना जाण्याजोगी खोली केवळ ठराविक प्रवाहमार्गांतच मिळते आणि हे मार्ग दाखविण्यासाठी लाकडी खांबांचे जुडगे पाण्यात रोवलेले असतात. खाजण गाळाने भरून जाऊ नये म्हणून जुन्या व्हेनिस प्रजासत्ताकाने ब्रेन्ता, पियावे यांसारख्या नद्यांची मुखेच वळवून खाजणाबाहेर नेली होती. हे खाजण निसर्गाने दिले तसे राहिलेले नाही, ते शतकानुशतके मुद्दाम राखलेले आहे, हे मार्गदर्शक सांगतोच असे नाही.

भट्टीचे बेट

मुरानोवर काच आली ती शासकीय आदेशाने. व्हेनिसमध्ये त्या काळी पुष्कळशी घरे लाकडी होती व काचभट्ट्यांमुळे आगीचे भय सदैव असे. म्हणून १२९१ साली प्रजासत्ताकाने शहरातील भट्ट्या हलवून मुरानोवर नेण्याचा निर्णय घेतला. या व्यवस्थेचा दुसरा लाभही राज्यकर्त्यांनी ओळखला होता. सर्व कारागीर एका बेटावर एकत्र राहिल्याने धंद्यातील गुपिते सांभाळणे सोपे झाले. कुशल कारागिरांना परवानगीवाचून देश सोडण्यास बंदी होती. त्याबरोबरच त्यांना मानही मोठा होता. काच कारागिराच्या कन्येने सरदार घराण्यात विवाह केला तरी तिच्या मुलांचा सरदारी दर्जा अबाधित राहत असे. पंधराव्या शतकाच्या मध्यास आंजेलो बारोव्हिएर या कारागिराने स्फटिकासारखी नितळ काच तयार केली आणि मुरानोची कीर्ती युरोपभर पसरली.

बंदी असूनही गुपित बाहेर गेलेच. फ्रान्सचा राजा चौदावा लुई याचा मंत्री कोल्बेर याने १६६५ साली आरशांचा राजाश्रित कारखाना काढला व त्यासाठी मुरानोचे कारागीर फोडून नेले. त्याच वर्षी त्याने फ्रेंच लेस उद्योगाचीही राजाज्ञेने उभारणी केली आणि व्हेनिसच्या लेस विणणाऱ्या स्त्रियांना तिकडे बोलाविले. पुढे व्हर्सायच्या राजवाड्यातील आरसेमहाल फ्रान्समध्ये बनविलेल्या आरशांनी सजला. एकाच मंत्र्याने एकाच वर्षी दोन्ही बेटांच्या पोटावर पाय दिला, असे म्हणावयास हरकत नाही.

सफरीतील प्रवाशाला काचेचे जे प्रात्यक्षिक दाखवितात ते पाच-दहा मिनिटांचे असते. कारागीर फुंकणीच्या टोकावर वितळलेल्या काचेचा गोळा घेतो, फुंकतो, चिमट्याने ओढतो आणि पाहता पाहता मागच्या पायांवर उभा राहिलेला घोडा तयार होतो. टाळ्या पडतात आणि मंडळी शेजारच्या विक्री दालनात शिरतात. खरे काम यापूर्वी व यानंतर घडते. वाळू, सोडा आणि चुना यांचे मिश्रण रात्रभर सुमारे १,४०० अंश सेल्सिअस उष्णतेवर वितळते. निळ्या रंगासाठी कोबाल्ट, तर माणकासारख्या लाल रंगासाठी सोने वापरतात. सकाळी उष्णता उतरवून काच कामाजोगी घट्ट करतात. मुख्य कारागीर, त्याचा सहायक आणि उमेदवार मुलगा यांचे पथक फारसे न बोलता काम करते, कारण काच थंड होण्यापूर्वी प्रत्येकाचा हात ठरलेल्या क्षणी पुढे यावा लागतो. तयार वस्तू निराळ्या भट्टीत अनेक तास हळूहळू निववावी लागते, नाही तर ती तडकते. घोडा करणे अवघड नाही असे नव्हे, परंतु पातळ कडेचा, तोल साधलेला साधा पेला फुंकणे हे त्याहून कठीण मानले जाते. प्रेक्षकांना मात्र घोडाच आवडतो!

या धंद्याचा उतारही लोकांनी पाहिला आहे. १७९७ साली नेपोलियनने व्हेनिसचे प्रजासत्ताक संपुष्टात आणले आणि त्यानंतर थोड्याच वर्षांत कारागिरांचे संघ मोडले. काच बनविण्याची जुनी तंत्रे विस्मृतीत जाऊ लागली. त्यातून मार्ग काढला तो व्हिन्चेन्झो झानेत्ती या धर्मोपदेशकाने. त्याने १८६१ साली जुन्या नमुन्यांचे संग्रहालय उभारले आणि पुढच्याच वर्षी कारागिरांसाठी चित्रकलेचे वर्ग सुरू केले. अस्सल नमुने समोर ठेवावयाचे आणि त्यांवरून हात बसवावयाचा, ही त्याची साधी रीत होती. आजही हे संग्रहालय पाहिल्यावाचून मुरानो पाहिले असे होत नाही, पण सफरीच्या वेळापत्रकात त्याला बहुधा जागा नसते.

आजची अडचण निराळी आहे. व्हेनिसच्या गल्ल्यांतून परदेशी बनावटीची स्वस्त काच मुरानोची म्हणून विकली जाते. त्यावर उपाय म्हणून व्हेनेतो या प्रादेशिक शासनाने १९९४ साली कायदा करून मुरानोच्या कलात्मक काचेसाठी बोधचिन्ह निश्चित केले. ते वापरणे ऐच्छिक आहे. त्यामुळे चिन्ह नसलेली प्रत्येक वस्तू नकली ठरत नाही, परंतु सामान्य ग्राहकाला तेवढाच आधार. याशिवाय २०२१-२२ मध्ये नैसर्गिक वायूचे भाव भडकले, तेव्हा अहोरात्र पेटत ठेवाव्या लागणाऱ्या भट्ट्यांचा खर्च अनेक कारखान्यांना झेपेना व काहींनी त्या तात्पुरत्या विझविल्या. भट्टी विझविणे हे दिवा मालवण्यासारखे नाही. निवताना आतील मातीच्या मुशी फुटतात आणि पुन्हा काम सुरू करावयाचे तर नवीन बसवाव्या लागतात.

सुईचे बेट

मुरानोहून बोटीने साधारण अर्ध्या तासावर बुरानो आहे. लाल, पिवळ्या, निळ्या रंगांच्या घरांमुळे ते छायाचित्रकारांचे आवडते ठिकाण बनले आहे. धुक्यातून परतणाऱ्या कोळ्याला आपले घर ओळखू यावे म्हणून हे रंग दिले, अशी लोकसमजूत आहे. पुरुषांनी मासेमारी करावी आणि स्त्रियांनी लेस करावी, अशी येथील जुनी विभागणी होती.

बुरानोची लेस आकड्यावर किंवा फिरक्यांवर विणलेली नसते, ती केवळ सुईदोऱ्याने ‘हवेत’ टाके घालून केलेली असते. कागदावर नक्षी काढून तो कागद कापडाच्या दोन पदरांवर टाचतात. नक्षीच्या रेषांवरून दोरा बसवितात व त्या दोऱ्याच्या आधाराने मधली जागा बारीक टाक्यांनी भरतात. काम पूर्ण झाले की कापडाच्या दोन पदरांमधील टाके कापतात आणि लेस अलगद सुटते. कापड मागे राहते, लेसमध्ये कापड असे नसतेच. पूर्वी प्रत्येक स्त्री एकाच प्रकारच्या टाक्यात तरबेज असे, त्यामुळे एक तुकडा अनेक हातांतून फिरत असे. लहानशा तुकड्यालाही कित्येक आठवडे लागत.

एकोणिसाव्या शतकात ही विद्या जवळजवळ लोपली होती. १८७२ च्या कडक हिवाळ्यात खाजण गोठले, मासेमारी थांबली आणि बेटावर उपासमार आली. त्या वेळी आंद्रियाना मार्चेल्लो या उमराव घराण्यातील महिलेने व पावलो फाम्ब्री यांनी पुढाकार घेऊन लेस शाळा काढली. जुने टाके पूर्णपणे जाणणारी चेन्चा स्कार्पारिओला ही एकच वृद्धा उरली होती, तिच्यापासून ही विद्या पुन्हा शिकून घेण्यात आली. दुष्काळी कामाच्या हेतूने सुरू झालेली ही शाळा जवळजवळ शंभर वर्षे चालली आणि १९७० साली बंद पडली. १९८१ मध्ये त्याच इमारतीत लेस संग्रहालय उघडले.

शाळा बंद का पडली, याचे उत्तर हिशेबात आहे. काचेचा झुंबर महाग असला तरी पथकाच्या काही दिवसांच्या श्रमाचा मोबदला त्यातून निघू शकतो. लेसच्या तुकड्याला लागलेल्या शेकडो तासांची मजुरी किंमतीत धरली तर गिऱ्हाईक मिळत नाही आणि धरली नाही तर कारागीर मिळत नाही. राजघराणी आणि श्रीमंतांचा आश्रय होता तोवर हे झाकले गेले. बेटावरील मुलींना अन्य नोकऱ्या मिळू लागल्यावर डोळे शिणविणारे हे काम त्यांनी सोडले, यात त्यांना दोष देता येणार नाही. आज बुरानोच्या रस्त्यावर दुकानांत टांगलेले टेबलक्लॉथ बव्हंशी यंत्रावर विणलेले असतात व पुष्कळसे बेटाबाहेरून येतात. अस्सल काम पाहावयाचे तर संग्रहालयातच जावे लागते.

तोर्चेल्लोला बोट थोडाच वेळ थांबते. ६३९ साली स्थापन झालेले तेथील चर्च हे या खाजणातील वसाहतीचे जुने स्मारक होय. एके काळी भरभराटीला आलेले हे गाव गाळ आणि हिवताप यांमुळे ओस पडले व आता तेथे मोजकेच लोक राहतात. चर्चच्या भिंतीवरील अंतिम न्यायाचे भव्य चित्र काचेच्या बारीक तुकड्यांचे आहे. १९६१-६२ च्या उत्खननात येथे मध्ययुगाच्या आरंभीच्या काचभट्टीचे अवशेष सापडले. खाजणातील काचेचा इतिहास मुरानोच्याही आधी सुरू होतो, हे त्यावरून दिसले.

गर्दी, शुल्क आणि नाव

१९५१ मध्ये व्हेनिसच्या जुन्या शहरात सुमारे पावणेदोन लाख लोक राहत होते. २०२२ मध्ये ही संख्या ५० हजारांच्या खाली गेली. एका दिवसासाठी येणाऱ्या प्रवाशांवर नियंत्रण असावे म्हणून २५ एप्रिल २०२४ पासून त्या वर्षीच्या २९ गर्दीच्या दिवसांसाठी पाच युरो प्रवेशशुल्क आकारण्यात आले. ते जुन्या शहरापुरते होते, मुरानो व बुरानो यांना ते लागू नव्हते. शिवाय मार्गदर्शकासह येणाऱ्या गटांना ठराविक विक्री दालनात नेण्याची आणि त्याबद्दल दलाली घेण्याची प्रथा येथे जुनी आहे. त्यामुळे प्रवाशाने खर्च केलेला पैसा भट्टीपर्यंत किती पोहोचतो, हा प्रश्न उरतोच.

नावाच्या संरक्षणाबाबत भारताची स्थिती उल्लेखनीय आहे. भौगोलिक उपदर्शनाचा आपला कायदा १९९९ चा असून तो २००३ पासून अंमलात आहे आणि त्यात हस्तव्यवसायाच्या वस्तू प्रारंभापासून समाविष्ट आहेत. युरोपीय संघाने हस्तव्यवसाय व औद्योगिक वस्तूंसाठी असा समान नियम २०२३ मध्ये केला, तो १ डिसेंबर २०२५ पासून लागू झाला. कोल्हापुरी चपलेला २०१९ मध्ये हे उपदर्शन मिळाले होते. तरीही जून २०२५ मध्ये इटलीतीलच मिलान शहरी एका नामांकित कंपनीने कोल्हापुरीशी मिळत्याजुळत्या चपला मूळ स्थानाचा उल्लेख न करता सादर केल्या, तेव्हा महाराष्ट्रातून तीव्र हरकत घेण्यात आली व कंपनीने भारतीय मूळ मान्य केले. नोंदणी झालेली होती म्हणूनच ही हरकत ठामपणे मांडता आली.

ज्यांना घाईची सफर नको असेल त्यांना शहराच्या उत्तर धक्क्यावरून, फोन्दामेन्ते नोव्हे येथून, सार्वजनिक फेरीबोट मिळते. १२ क्रमांकाची बोट मुरानोवरून बुरानोला पाऊण तासाच्या आत पोहोचते. काचेचे काम पाहावयाचे असल्यास सकाळी व आठवड्याच्या कामाच्या दिवशीच जावे. ऑगस्ट महिन्यात पुष्कळशा भट्ट्या दुरुस्तीसाठी बंद असतात.