'तृतीय रत्न'चा अज्ञातवास आणि त्याचा अभ्यास

एखाद्या लेखकाच्या जीवनाचा व वाङ्मयाचा अभ्यास करणाऱ्याला प्रथम एका साध्या प्रश्नाचा निर्णय करावा लागतो : लेखकाने लिहिलेले सारे आपल्यापुढे आहे काय? जोतीराव गोविंदराव फुले (१८२७–१८९०) यांच्या बाबतीत हा प्रश्न विशेष महत्त्वाचा ठरतो. 'तृतीय रत्न' हे नाटक त्यांनी १८५५ मध्ये लिहिले. ते प्रथम छापले गेले १९७९ मध्ये, 'पुरोगामी सत्यशोधक' या नियतकालिकात. मधल्या एकशे चोवीस वर्षांत मराठी रंगभूमीचा उत्कर्ष व ऱ्हास झाला, तिचे इतिहास लिहिले गेले, जोतीरावांची चरित्रेही प्रसिद्ध झाली. हे सर्व या नाटकाच्या संहितेविना घडले. या अज्ञातवासाचा आपल्या अभ्यासावर काय परिणाम झाला आणि संहिता हाती आल्यानंतर कोणते प्रश्न नव्याने उपस्थित झाले, यांचा विचार प्रस्तुत लेखात करावयाचा आहे.

प्रथम नाटकाच्या जन्मकथेकडे वळू. पेशवाईत श्रावणमासी विद्वान ब्राह्मणांस दक्षिणा वाटण्याची प्रथा होती. इंग्रजी अमलात या रकमेचा काही भाग मराठी ग्रंथरचनेस उत्तेजन देण्याकडे वळविण्यात आला आणि ग्रंथांची निवड करण्यासाठी दक्षिणा प्राइझ कमिटी अस्तित्वात आली. जोतीरावांनी आपले नाटक याच कमिटीकडे पाठविले. कमिटीतील ब्राह्मण सभासदांच्या आग्रहापुढे युरोपियन सभासदांचे काही चालले नाही व नाटक नापसंत ठरले, असे पुढे जोतीरावांनीच नमूद करून ठेवले आहे. या प्रसंगातील उपरोध लक्षात घेण्याजोगा आहे. धर्माच्या नावाने काढल्या जाणाऱ्या दानदक्षिणेचे स्वरूप उघड करणारे हे नाटक, आणि ते पारितोषिकासाठी गेले ते दक्षिणेच्याच पैशातून निघालेल्या निधीकडे! ग्रंथाला आश्रय देणारी संस्था ज्या वर्गाच्या हाती असते, त्या वर्गाला न रुचणारा ग्रंथ छापखान्यापर्यंत पोहोचणे किती अवघड असते, याचे हे मराठीतील एक आरंभीचे उदाहरण म्हणावे लागेल.

नाटकाचे कथानक अगदी साधे आहे. एका गरीब कुणब्याची बायको गरोदर असते. नवरा घरी नसता एक जोशी तिच्या दारी येतो, ग्रहांच्या पीडेचे भय घालून पोटातील गर्भाला धोका असल्याचे तिच्या मनावर ठसवितो आणि शांतीचा व ब्राह्मणभोजनाचा उपाय सुचवितो. त्या भयापोटी कुटुंब आपल्या ऐपतीबाहेरच्या खर्चात ओढले जाते. पुढे एका पाद्र्याशी संवाद होतो, फसवणूक ध्यानात येते आणि अखेरीस नवराबायको शिकण्याचा निश्चय करतात. या सर्व प्रसंगांत विदूषक मधूनमधून येतो आणि घडत्या गोष्टीवर प्रेक्षकांना उद्देशून भाष्य करतो.

जोतीरावांनी १८४८ मध्ये पुण्यात मुलींची शाळा काढली होती आणि १८५५ च्याच सुमारास शेतकरी व कामकरी स्त्रीपुरुषांसाठी रात्रीची शाळा चालविली. म्हणजे नाटकातील शेवटचा निश्चय हा लेखकाच्या चालू कार्याचाच भाग होता. नाटक जिथे संपते, तिथे शाळेचे दार उघडते. नाटकाच्या नावाचा अर्थही याच संदर्भात लावला जातो. काही लेखनात ते 'तृतीय नेत्र' या नावानेही आढळते आणि शिक्षण हाच माणसाचा तिसरा डोळा, असा त्याचा उलगडा केला जातो. अर्थ आकर्षक असला तरी 'रत्न' व 'नेत्र' हे दोन शब्द भिन्न आहेत. शीर्षकाविषयी सैलपणा चालत असेल, तर संहितेच्या इतर शब्दांविषयीही तो चालू शकेल, हा धोका अभ्यासकाने ओळखला पाहिजे.

या ठिकाणी एका दूरच्या उदाहरणाचे साहाय्य घेणे उचित होईल. जर्मन नाटककार गेओर्ग ब्यूख्नर (१८१३–१८३७) हा अवघ्या तेविसाव्या वर्षी झ्यूरिक येथे मृत्यू पावला. १८३४ मध्ये त्याने हेस्सेन प्रांतातील शेतकऱ्यांना उद्देशून एक क्रांतिकारक पत्रक लिहिले. फ्रीडरिख लुडविग वाइडिग या पाद्र्याने त्यात फेरफार करून ते गुप्तपणे छापविले. शेतकऱ्याच्या घामातून निघालेला कर सरकार कोठे खर्च करते, हे त्यात आकड्यांनिशी मांडले होते. अटकेच्या भीतीने १८३५ मध्ये ब्यूख्नरला स्ट्रासबुर्गला पळून जावे लागले. फ्रेंच राज्यक्रांतीवरील 'दांतोचा मृत्यू' हे त्याचे एकच नाटक त्याच्या हयातीत प्रसिद्ध झाले. 'वॉयत्सेक' हे एका दरिद्री शिपायावरील नाटक तो अपुऱ्या, विस्कळित हस्तलिखितांच्या रूपात मागे ठेवून गेला.

या हस्तलिखितांचा पुढील इतिहास हा संहिताशास्त्राचा एक पाठच आहे. लेखकाचा भाऊ लुडविग याने १८५० मध्ये त्याचे वाङ्मय संपादित केले. पण अक्षर वाचता येत नाही म्हणून हे नाटक वगळले. कार्ल एमिल फ्रान्झोस याने फिकट पडलेल्या शाईवर रासायनिक प्रक्रिया करून ती वाचली आणि १८७९ च्या आपल्या आवृत्तीत नाटक समाविष्ट केले. मात्र नायकाचे नाव त्याने 'वोत्सेक' असे चुकीचे वाचले. नाटकाचा पहिला प्रयोग १९१३ मध्ये म्यूनिक येथे झाला. आल्बान बेर्ग याची १९२५ मधील सुप्रसिद्ध संगीतिका आजही त्या चुकलेल्याच नावाने ओळखली जाते. नाव पुढील संपादकांनी दुरुस्त केले, तरी प्रवेशांचा क्रम कोणता, कोणता मसुदा आधीचा, यांविषयीची चर्चा विसाव्या शतकभर चालली. चरित्राच्या क्षेत्रात हान्स मायर याने १९४६ मध्ये ब्यूख्नरला त्याच्या काळाच्या राजकीय व सामाजिक संदर्भात ठेवले आणि क्रांतिकारक व कवी या दोन बाजू वेगळ्या पाहण्याच्या प्रवृत्तीला उत्तर दिले.

ब्यूख्नर व जोतीराव यांच्यात प्रभावाचा कोणताही संबंध नाही. साम्य आहे ते परिस्थितीचे. दोघांनीही दरिद्री माणसाला नाटकाच्या मध्यभागी आणले, दोघांची कृती मागे पडली आणि दोघांनाही नाटककार म्हणून मान्यता उशिरा मिळाली. भेदही तितकाच बोलका आहे. वॉयत्सेकच्या भोवतीचे सारे जग त्याला चिरडते आणि सुटकेची वाट दिसत नाही. जोतीरावांच्या कुणब्याला मात्र वाट सापडते. एका लेखकाची क्रांती पराभवाच्या छायेत लिहिली गेली, तर दुसऱ्याची शाळेच्या फळ्यासमोर.

'क्रांतिकारक' हा शब्द येथे कोणत्या अर्थाने वापरला आहे, हेही स्पष्ट करावयास हवे. पनवेल तालुक्यातील शिरढोण हे वासुदेव बळवंत फडके (१८४५–१८८३) यांचे जन्मगाव. त्यामुळे आपल्या परिसरात हा शब्द उच्चारताच सशस्त्र बंडाचे चित्र डोळ्यांपुढे उभे राहते. याच पनवेलात रयत शिक्षण संस्थेचे महाविद्यालय महात्मा फुले यांच्या नावाने चालते. त्यांची क्रांती ज्ञानाच्या मक्तेदारीविरुद्ध होती. त्या क्रांतीची साधने शाळा, पोवाडा, निबंध आणि नाटक ही होती.

आता अभ्यासाच्या इतिहासाकडे येऊ. धनंजय कीर यांचे इंग्रजी चरित्र १९६४ मध्ये प्रसिद्ध झाले. कीर व स. गं. मालशे यांनी संपादिलेले 'महात्मा फुले समग्र वाङ्मय' महाराष्ट्र राज्य साहित्य आणि संस्कृती मंडळाने १९६९ मध्ये प्रकाशित केले. १९७९ मध्ये नाटक छापले गेल्यावर त्याचा या परंपरेत समावेश झाला, य. दि. फडके यांच्या १९९१ च्या आवृत्तीत ते वाचावयास मिळते. रोझलिंड ओहॅनलन यांनी १९८५ च्या आपल्या ग्रंथात एकोणिसाव्या शतकातील जातिसंघर्षाचा विचार करताना या नाटकाची दखल घेतली. गो. पु. देशपांडे यांनी तर १९९२ मध्ये 'सत्यशोधक' हे नाटक लिहून जोतीरावांनाच रंगभूमीवर आणले.

या अभ्यासातून तीन वादस्थळे पुढे आली आहेत. पहिले अग्रमानाचे. विष्णुदास भावे यांनी १८४३ मध्ये सांगलीस 'सीतास्वयंवर' सादर केले. विनायक जनार्दन कीर्तने यांचे 'थोरले माधवराव पेशवे' १८६१ चे. यांच्या मध्ये १८५५ चे 'तृतीय रत्न' उभे राहते आणि मराठीतील पहिले सामाजिक नाटक हा मान त्याला दिला जातो. रचनेचा काळ पाहता हा दावा बळकट आहे. परंतु काळाचा अग्रक्रम व परंपरेवरील प्रभाव या दोन निराळ्या गोष्टी होत. जे नाटक कीर्तने किंवा देवल यांना वाचावयासच मिळाले नाही, त्याने त्यांची वाट घडविली असे म्हणता येणार नाही. याउलट, प्रभाव नाही म्हणून त्याला इतिहासात स्थान नाही असे म्हणणे म्हणजे कमिटीचा निर्णय आपण पुन्हा एकदा कायम करणे होय. इतिहासकाराने कोणते नाटक आधी झाले हे सांगावे, आणि ते पुढे का आले नाही हेही सांगावे.

दुसरे वादस्थळ पाद्र्याचे. जोतीरावांचे शिक्षण स्कॉटिश मिशनच्या शाळेत झाले होते. त्यामुळे हे नाटक मिशनऱ्यांच्या प्रचाराचे साधन आहे, असा आक्षेप घेतला जाऊ शकतो. त्याचे उत्तर संहितेच्या शेवटातच आहे. पाद्री युक्तिवाद करतो, भ्रम दूर करतो. परंतु कुणबी दांपत्याची वाटचाल बाप्तिस्म्याकडे होत नाही, शाळेकडे होते. पाद्र्याला नाटकात वादपटूची जागा मिळाली आहे, तारकाची नव्हे.

तिसरे वादस्थळ कलात्मकतेचे. हे नाटक म्हणजे संवादरूपी निबंध आहे, असे म्हणणे सोपे आहे. त्यातील दीर्घ युक्तिवाद पाहता त्यात तथ्यही आहे. पण विदूषकाकडे बारकाईने पाहिले की मत बदलावे लागते. भाव्यांच्या खेळात विदूषक आरंभी सूत्रधाराबरोबर हास्यविनोद करी. जोतीरावांनी त्याला कथानकात सर्वत्र वावरू दिले आणि जोशाच्या गोड शब्दांमागचा हेतू प्रेक्षकांपुढे उघडा करण्याचे काम दिले. कुणब्याच्या बायकोला जे कळत नाही ते प्रेक्षकाला विदूषकाकडून कळते. ही रचना पूर्णपणे नाट्यात्म आहे. निबंधात ती शक्य नाही. शिवाय 'गुलामगिरी' (१८७३) व मरणोत्तर प्रसिद्ध झालेले 'सार्वजनिक सत्यधर्म पुस्तक' (१८९१) हे ग्रंथही संवादरूपच आहेत. नाटक उपलब्ध झाल्यामुळे हा संवाद जोतीरावांच्या लेखनप्रकृतीचाच धर्म होता, असे आता म्हणता येते. एक हरवलेली कृती सापडली की आधी वाचलेल्या ग्रंथांचेही वाचन बदलते, ते असे.

यावरून पदव्युत्तर विद्यार्थ्यांनी पुढील दिशा ध्यानात घ्यावी. उपलब्ध पाठांची शब्दशः तुलना करणे, पात्रांच्या बोलींतील भेद नोंदविणे, विदूषकाच्या प्रत्येक भाष्याचे नाट्यगत कार्य तपासणे ही कामे गाजावाजा न करता करता येण्यासारखी आहेत. 'वोत्सेक'चा 'वॉयत्सेक' होण्यास चार दशके लागली; ती केवळ एका नावाच्या अचूक वाचनासाठी खर्ची पडली. दक्षिणा प्राइझ कमिटीने जोतीरावांचे नाटक नापसंत केले, हे आपणांस ठाऊक आहे. आपण ते पसंत करावे किंवा न करावे. पण त्याआधी ते अक्षरशः वाचलेले असावे.