‘रानकापूस’ या नांवाविषयीं : बुलढाणें जिल्ह्याच्या संदर्भांत

वैद्यकाच्या पोथ्या, कोशांच्या नकला आणि जुन्या पेढ्यांचे कागद चाळणारांस कापसाचीं नांवें वारंवार भेटतात. कोठें भारद्वाजी, कोठें वनकार्पासी, कोठें देवकापूस, तर कोठें नुसता रानकापूस. बुलढाणें जिल्हा हा कापसाचा जिल्हा. त्यामुळें असें एखादें नांव वऱ्हाडांतील पोथींत आढळलें, कीं ‘कापसाचें रानटी मूळ येथेंच होतें’ असें अनुमान करण्याचा मोह होतो. हें अनुमान टिकतें कीं नाहीं, याचा विचार येथें करावयाचा आहे.

प्रथम नांवांची फोड करूं. कार्पासी जेव्हां वन्य असते तेव्हां तिला भारद्वाजी म्हणावें, असें अमरकोश सांगतो. निघंटूंच्या अभ्यासकांनीं ही भारद्वाजी बहुधा रानभेंडी ठरविली आहे. सह्याद्रीच्या व सातपुड्याच्या रानांत वाढणारें हें झुडूप कापसाच्याच कुळांतलें आहे. त्याचें पिवळें फूल आंत गर्द तांबडें असतें व दुरून कापसाच्या फुलासारखें दिसतें. तथापि त्याच्या बोंडांत वेंचण्याजोगा कापूस नसतो. उपयोगी धागा निघतो तो सालीचा. म्हणजे नांवांत कार्पासी असली तरी वस्तु निराळी.

देवकापूस ही दुसरी वस्तु. देवळाच्या आवारांत वा परसांत हें झाड पुष्कळ वर्षें टिकतें, पुरुषभर उंच वाढतें, आणि त्याच्या कापसाच्या वाती व जानवीं करितात. हा खरा कापूस आहे. परंतु तो रानटी नव्हे. शेतांतील देशी कापसाच्या जातीचाच, वर्षानुवर्षें टिकणारा तो एक प्रकार होय.

खरा रानटी कापूस म्हणजे तिसरी वस्तु, आणि तिचें घर वऱ्हाडांत नाहीं. सिंध व बलुचिस्तानच्या खडकाळ, कोरड्या टेंकड्यांवर, तसेंच समुद्रापलीकडे ओमान व सोमालिया येथें एक ठेंगणें, पसरट झुडूप उगवतें. सिंधमध्यें वनस्पति गोळा करणारे डॉ. स्टॉक्स यांच्या नांवावरून त्यास ‘गॉसिपियम स्टॉक्सिआय’ म्हणतात. फुलें पिवळीं, बोंडें लहान, आणि बियांवर केवळ आंखूड लव. तिचें सूत निघत नाहीं. १८७४ च्या सुमारास मास्टर्स या वनस्पतिशास्त्रज्ञानें शेतांतील देशी कापसाचा हाच रानटी पूर्वज असावा असें सुचविलें, आणि तें मत पुष्कळ काळ चालत राहिलें.

पुढें पेशींतील रंगसूत्रांच्या अभ्यासानें हें मत मागें पडलें. देशी कापूस आणि सिंधचें झुडूप या दोहोंतही रंगसूत्रांच्या १३ जोड्या आहेत. परंतु त्यांचे गट भिन्न. देशी कापूस ‘ए’ गटांतला, सिंधचें झुडूप ‘ई’ गटांतलें. अशा भिन्न गटांचा संकर केल्यास होणारी प्रजा सामान्यतः वांझ निघते. सारांश, तें झुडूप कापसाचें दूरचें भावबंद आहे, बाप नव्हे.

मग देशी कापूस किती जुना? बलुचिस्तानांत मेहेरगढ येथें तांब्याच्या मण्यांत अडकलेले कापसाचे तंतु सुमारे ८००० वर्षांपूर्वींचे आहेत. मोहेंजोदडो येथील कापडाच्या तुकड्यांची परीक्षा गुलाटी व टर्नर यांनीं केली आणि तो कापूस ठरला. प्राचीनत्वाचा हा पुरावा सिंधु-बलुचिस्तानाकडचा आहे. वऱ्हाडाकडे कापूस आला तो पिकविलेल्या बियाण्याच्या रूपानें, असेंच मानणें सयुक्तिक दिसतें. पूर्णेच्या खोऱ्यांतील काळी जमीन त्यास मानवली आणि वऱ्हाड कापसाचें माहेर म्हणून गाजलें. त्यास जन्मस्थान मात्र म्हणतां येत नाहीं.

येथें एक गोष्ट सांगितली पाहिजे. आज वऱ्हाडांत बहुतेक शेतांत अमेरिकन जातीचा कापूस असतो. त्यांत रंगसूत्रांच्या २६ जोड्या आहेत. निम्म्या आशियाई-आफ्रिकी कापसाच्या ‘ए’ गटाच्या, निम्म्या अमेरिकेंतील ‘डी’ गटाच्या रानटी झुडुपांच्या. या ‘डी’ गटांतील एक झुडूप ॲरिझोना व सोनोरा येथील वाळवंटी प्रदेशांत उगवतें. १९४० सालीं बीस्ली यानें त्याचा आशियाई कापसाशीं संकर करून व रंगसूत्रें दुप्पट करून हा घाट प्रयोगानें दाखविला. अमेरिकन कापसाचा प्रत्यक्ष पूर्वज मात्र पेरूमधील झुडुपास अधिक जवळचा आहे. म्हणजे रानकापसाचा अंश बुलढाण्याच्या शेतांत आहे खरा. पण तो येथल्या रानांतून आलेला नाहीं, समुद्र ओलांडून बियाण्याच्या पोटांत लपून आला आहे.

यावरून संग्राहकांनीं काय घ्यावें? पहिलें, पोथींतील ‘वनकार्पासी’ वाचतांच ‘रानटी कापूस’ असें भाषांतर करूं नये. वर्णन पहावें, कापसाचा उल्लेख आहे कीं सालीचा, तें तपासावें. दुसरें, व्यापारी कागदांतील नांवें जातीचीं असतातच असें नाहीं. मुंबईच्या बाजारांत वऱ्हाडचा माल अमरावतीवरून ‘ऊमरा’ म्हणून विके. तें पेठेचें नांव, झाडाचें नव्हे. ‘बनी’ व ‘बुरी’ हीं मात्र जातींचीं नांवें. पैकीं बनी देशी, बुरी अमेरिकन.

तिसरें सर्वांत निकडीचें. खामगांव ही एके काळीं हिंदुस्थानांतील मोठी कापूसपेठ. जलंबपासून तेथवर सुमारे ८ मैलांचा आगगाडीचा फांटा १८७० सालीं लॉर्ड मेयो यांच्या हस्तें खुला झाला, तो या कापसासाठींच. त्या काळच्या अडत्यांच्या वह्या आज रद्दींत जातात. त्यांत राजांचीं नांवें नसतात म्हणून त्या टाकाऊ ठरतात. परंतु शेतांतून देशी वाण जवळजवळ गेले आहेत. कोणत्या गांवीं, कोणत्या सालीं, कोणत्या नांवाचा कापूस आला, हें सांगणारा साक्षीदार पुष्कळदां ती वहीच असते. अशी वही हातीं लागल्यास तिच्यांतील कापसाचें प्रत्येक नांव मूळच्या अक्षरवाटिकेसह उतरून घ्यावें. आपल्या समजुतीनें तें शुद्ध करूं नये. अर्थ मागाहून लागेल. नांवच गेलें तर कशाचा लावावयाचा?