ओसरीवरचा एकटा
अकोले तालुक्यातील राजूरला सांजवेळी गार वारा सुटला, म्हणजे ओसरीवर बसलेल्या वृद्ध विधुराला प्रथम जाणवते ते हे, की चुलीपुढचे माणूस गेल्यापासून घरात हाक मारणारे कोणी उरलेले नाही. मुले-सुना मजुरीसाठी नारायणगावकडे उतरलेली, आणि डांगी बैलांची दावण रिकामी. असे एकटेपण मुलूख सोडून गेलेल्यांच्याही वाट्याला येते. इटलीतून १८७६ नंतरच्या शंभर वर्षांत सुमारे अडीच कोटी माणसे परदेशी गेली. त्यांतला, परमुलखात पत्नी गमावलेला म्हातारा आपली बोली कोणाशी बोलत असेल, असा प्रश्न मला नेहमी पडतो. राजूरच्या म्हाताऱ्याने देशांतर केलेले नाही. ते त्याच्याभोवतीच्या माणसांनी केले आहे. सरकारदरबारी ज्येष्ठांच्या चरितार्थाचा २००७ चा अधिनियम आहे, पासष्टी गाठलेल्या निराधारांसाठी श्रावणबाळ योजना आहे. अर्ज, दाखले, तहसील कचेरीच्या खेपा यांत दिवस जातो, आणि खरे सांगायचे तर त्या खेपेत चार माणसे भेटतात, हाच मोठा लाभ. घरीही कोणी ओसरीवर येऊन टेकले, की १९२६ साली पुऱ्या झालेल्या भंडारदरा धरणाची वडिलांकडून ऐकलेली हकीकत तो सांगू लागतो. श्रोता मिळाल्याने आवाज चढतो, आणि चुलीवरचा चहा उतू जातो.