सिरपूरची एकदिवसीय सहल : लहान गट आणि जाणता मार्गदर्शक कशासाठी?

रायपूर : छत्तीसगडच्या राजधानीपासून सुमारे ८० किलोमीटरवर, महानदीच्या काठी सिरपूर हे लहानसे गाव आहे. महासमुंद जिल्ह्यातील हे गाव म्हणजे प्राचीन श्रीपूर, दक्षिण कोसल राज्याची एके काळची राजधानी. रायपूरहून सकाळी निघून संध्याकाळी परत येता येते. त्यामुळे दहा-बारा जणांचा गट, एक वाहन आणि सोबत मार्गदर्शक अशा एकदिवसीय सहलीसाठी हे ठिकाण सोयीचे आहे. मात्र अशा सहलीत प्रवाशाच्या पदरात काय पडते, हे वाहन किती आरामदायी आहे यापेक्षा सोबतचा मार्गदर्शक काय सांगतो यावर अधिक अवलंबून असते.

याचे कारण सिरपूरच्या अवशेषांच्या स्वरूपातच आहे. विटांचे लक्ष्मण मंदिर सोडले, तर येथील बहुतेक वास्तू जोती, पाया, दारशाखा आणि अर्धवट उभ्या भिंती एवढ्याच रूपात उरल्या आहेत. जाणकार सोबत नसेल तर विहार, मंदिर, बाजारपेठ आणि निवासस्थान यांतील फरक सहज लक्षात येत नाही. प्रवासी मंदिरासमोर छायाचित्र काढतो, दोन-तीन चौथरे पाहतो आणि परत फिरतो. चौदाशे वर्षांपूर्वीचे शहर पाहिल्याची जाणीव त्याला होतेच असे नाही.

आयर्लंडचा किनारा आणि महानदीचा काठ

लहान गटाच्या मार्गदर्शित सहलीचा हा प्रकार जगात अनेक ठिकाणी रुळलेला आहे. आयर्लंडच्या पश्चिम किनाऱ्यावर ‘वाइल्ड अटलांटिक वे’ नावाचा सुमारे २,५०० किलोमीटरचा पर्यटनमार्ग २०१४ मध्ये आखण्यात आला. या मार्गावरील मोहर कडे समुद्रापासून २१४ मीटरपर्यंत उंच आहेत. डब्लिन किंवा गॉलवेहून छोट्या बसगाड्या सकाळी निघतात आणि रात्री परततात. अनेकदा चालक हाच मार्गदर्शक असतो. अरुंद रस्ते, क्षणात पालटणारे हवामान आणि कड्यांच्या निसरड्या कडा यांमुळे तेथे माहीतगाराची गरज मुख्यतः सुरक्षिततेसाठी भासते. कडे मात्र कोणी न सांगताही दिसतात.

सिरपूरला परिस्थिती नेमकी उलट आहे. रस्ता सोपा आहे, धोका फारसा नाही. पण पाहण्यासारखे जे आहे ते समजावून सांगितल्याशिवाय दिसत नाही. म्हणूनच येथे मार्गदर्शकाच्या ज्ञानाचा दर्जा हा सहलीचा गाभा ठरतो.

तीन प्रकारची माहिती

सिरपूरविषयी जे सांगितले जाते त्याचे ढोबळमानाने तीन भाग पडतात : शिलालेखांत स्पष्ट लिहिलेले, उत्खननावरून अभ्यासकांनी काढलेले अनुमान आणि लोकांत रूढ झालेली कथा. तिन्हींना आपापले मोल आहे. चांगला मार्गदर्शक या तिन्हींची सरमिसळ करीत नाही.

लक्ष्मण मंदिराचेच उदाहरण घेता येईल. ‘ताजमहालाच्या आधीचे प्रेमस्मारक’ अशी त्याची ओळख पर्यटकांना करून दिली जाते. ढिगाऱ्यात सापडलेल्या आणि आता रायपूरच्या संग्रहालयात असलेल्या शिलालेखातील वृत्तांत अधिक नेमका आहे. मगधाचा राजा सूर्यवर्मा याची कन्या वासटा हिने पती हर्षगुप्त याच्या निधनानंतर, पुत्र महाशिवगुप्त बालार्जुन याच्या कारकिर्दीत हे विष्णुमंदिर बांधले. त्याच्या खर्चासाठी काही गावे तोडून दिली. त्या गावांच्या उत्पन्नाचे चार वाटे केले. अन्नदान, मंदिराची डागडुजी व सेवकांचा निर्वाह यांसाठी तीन वाटे आणि ब्राह्मणांसाठी चौथा. त्या ब्राह्मणांच्या वारसांनी वेदांगे जाणणारे असावे, जुगारी नसावे, अशा अटीही त्यात आहेत. मंदिर बांधतानाच त्याच्या दुरुस्तीची तरतूद करणारी ही राणी केवळ ‘प्रेमस्मारक’ या शब्दात मावत नाही. हा शिलालेख ठाऊक असलेला मार्गदर्शक प्रवाशाला एका राज्यकारभाराची ओळख करून देतो.

मंदिराच्या नावाचीही अशीच गोष्ट आहे. शिलालेखाप्रमाणे मंदिर हरीचे, म्हणजे विष्णूचे. दगडी दारशाखेच्या माथ्यावर शेषशायी विष्णू आणि बाजूंना अवतार कोरलेले आहेत. गाभाऱ्यात सध्या असलेली मूर्ती मात्र पाच फण्यांच्या नागाखाली बसलेल्या पुरुषाची आहे. लक्ष्मण हा शेषाचा अवतार मानला जात असल्याने लोकांनी मंदिराला त्याचे नाव दिले असावे. येथे शिलालेख, शिल्प आणि लोकपरंपरा एकाच दारात उभ्या आहेत. त्या वेगवेगळ्या दाखवून देणे हे मार्गदर्शकाचे काम आहे.

अनुमानाचा भाग सुरंग टिल्यावर दिसतो. पांढऱ्या दगडाच्या या उंच पंचायतन मंदिराच्या पायऱ्या लाटेसारख्या वाकल्या आहेत. भूकंपाने त्या खचल्या, असे उत्खननकर्त्यांचे मत आहे. हे मत आहे, कोणत्याही लेखात नोंदलेली घटना नाही, एवढा एक शब्द जोडला की ऐकणारा स्वतःही पायऱ्यांकडे निरखून पाहू लागतो.

चिनी प्रवासी ह्युएनत्संग याच्या नोंदीबाबतही हाच विवेक लागतो. सातव्या शतकात त्याने कोसल देशाचे वर्णन केले. तेथे सुमारे शंभर विहार आणि दहा हजारांच्या आसपास भिक्षू असल्याचे लिहिले. ही संख्या साऱ्या देशाची आहे आणि राजधानीचे नाव त्याने दिलेले नाही. ती राजधानी सिरपूरच होती असे काही अभ्यासक मानतात. ‘सिरपुरात दहा हजार भिक्षू राहत’ असे ठामपणे सांगणे म्हणजे नोंदीच्या पुढे जाणे होय.

उत्खननातील मराठी हात

मराठी वाचकांसाठी सिरपूरला आणखी एक संदर्भ आहे. अलेक्झांडर कनिंगहॅम यांनी १८८१-८२ च्या दौऱ्याच्या अहवालात या स्थळाची नोंद केली. पण येथे पद्धतशीर उत्खनन सुरू झाले ते १९५३ मध्ये, डॉ. मोरेश्वर गंगाधर दीक्षित यांच्या नेतृत्वाखाली. त्रिपुरी आणि विदर्भातील कौंडिण्यपूर येथील उत्खननांमुळेही ते पुरातत्त्वाच्या अभ्यासकांना परिचित आहेत. १९५६ पर्यंत चाललेल्या सिरपूरच्या कामात आनंदप्रभू कुटी विहार आणि स्वस्तिक विहार उजेडात आले. आनंदप्रभू नावाच्या भिक्षूने बालार्जुनाच्या काळात बांधलेल्या विहारात आजही भूमिस्पर्श मुद्रेतील भव्य बुद्धमूर्ती आणि भोवतीच्या खोल्यांची मांडणी पाहता येते.

बालार्जुनाने किमान ५७ वर्षे राज्य केले, हे त्याच्या ताम्रपटावरून कळते. या राजवंशाचा काळ ठरविणे मात्र सोपे नव्हते. आरंभीच्या अभ्यासकांनी या राजांना आठव्या-नवव्या शतकात ठेवले होते. पुढे लिपी आणि समकालीन राजांचे उल्लेख यांचा मेळ घातल्यावर त्यांचा काळ सहाव्या-सातव्या शतकापर्यंत मागे गेला. या चर्चेत नागपूरचे महामहोपाध्याय वासुदेव विष्णु मिराशी यांचा मोठा वाटा होता. त्यानंतर २००० पासूनच्या दशकात अरुण कुमार शर्मा यांच्या नेतृत्वाखाली पुन्हा उत्खनन झाले. सुरंग टिला, तीवरदेव विहार आणि बाजारपेठ म्हणून ओळखले जाणारे अवशेष याच काळात समोर आले. शर्मा यांना २०१७ मध्ये पद्मश्रीने गौरविण्यात आले.

गट लहानच का असावा?

अवशेष एका आवारात नाहीत. ते गावभर आणि शेतांमधून विखुरलेले आहेत. एका ठिकाणाहून दुसऱ्या ठिकाणी जाताना पन्नास जणांची बस भरणे-उतरणे यातच दिवसाचा मोठा भाग खर्च होतो. लक्ष्मण मंदिराच्या दारशाखेसमोर एका वेळी थोडेच लोक उभे राहू शकतात, आणि कोरीवकाम जवळून पाहिल्याशिवाय कळत नाही. विहारांच्या खोल्या अरुंद आहेत. सुरंग टिल्याच्या उभ्या, वाकलेल्या पायऱ्यांवर गर्दी झाली तर ज्येष्ठांना त्रास होतो आणि दगडांचीही झीज होते. दहा-बारा जणांत मार्गदर्शकाचा आवाज ध्वनिवर्धकाशिवाय पोहोचतो, प्रश्न विचारता येतात, आणि उत्तर माहीत नसल्यास तसे सांगण्याइतका मोकळेपणाही राहतो.

गावाच्या दृष्टीनेही याला महत्त्व आहे. वाहनाचे भाडे रायपुरात राहते आणि स्मारकाच्या तिकिटाचे पैसे सरकारजमा होतात. गावात पैसा पोहोचतो तो मुख्यतः स्थानिक मार्गदर्शकाचे मानधन, जेवण आणि छोटी खरेदी यांतून. तासाभरात परतणाऱ्या बसमधून गावाला फारसे काही मिळत नाही. दिवसभर थांबणाऱ्या लहान गटाकडून मिळू शकते. केंद्रीय संरक्षित स्मारकांच्या भोवती १०० मीटरपर्यंत बांधकामाला मनाई आहे आणि त्यापुढील २०० मीटरपर्यंत ते नियंत्रित आहे. तेव्हा लक्ष्मण मंदिराच्या दारातच उपाहारगृहांची रांग असेल, अशी अपेक्षा प्रवाशांनी ठेवू नये. जेवणाची सोय आधीच सांगून ठेवणे इष्ट.

मार्गदर्शक घडविण्याचे प्रयत्नही सुरू आहेत. केंद्रीय पर्यटन मंत्रालयाने २०२० पासून पर्यटन-सहायकांसाठी ऑनलाइन प्रशिक्षण व प्रमाणपत्राचा कार्यक्रम राबविला आहे. मात्र प्रमाणपत्र ही सुरुवात असते. विशिष्ट स्थळाचे शिलालेख, उत्खनन आणि वाद यांचा अभ्यास मार्गदर्शकाला स्वतः करावा लागतो आणि त्या अभ्यासाला मोबदला देणारा प्रवासीही लागतो.

दिवसाची आखणी

रायपूरहून सकाळी सातच्या सुमारास निघाल्यास राष्ट्रीय महामार्ग ५३ वरील आरंग हा पहिला थांबा घेता येतो. तेथील भांड देऊळ हे अकराव्या शतकातील जैन मंदिर असून गाभाऱ्यात तीर्थंकरांच्या तीन उभ्या मूर्ती आहेत. पुढे महानदी ओलांडून, महामार्ग सोडून सिरपूरकडे वळावे लागते. सकाळच्या उन्हात लक्ष्मण मंदिर व त्याच्या आवारातील शिल्पे, नंतर दोन विहार, दुपारी जेवण, ऊन उतरल्यावर तीवरदेव विहार व सुरंग टिला आणि शेवटी नदीकाठचे गंधेश्वर मंदिर असा क्रम सोयीचा ठरतो. गंधेश्वर हे आजही पूजेतले मंदिर आहे आणि त्याच्या बांधणीत जुने खांब व शिल्पे वापरलेली आहेत. सिरपूरचे दगड पुढच्या पिढ्यांनी कसे जपले, हे तेथे कळते.

याच दिवसात राजिम किंवा बारनवापारा अभयारण्य बसविण्याचा मोह टाळावा. राजिम वेगळ्या दिशेला आहे. महानदी, पैरी आणि सोंढूर यांच्या संगमावरील राजीवलोचन मंदिर स्वतंत्र दिवसाच्या योग्यतेचे आहे. तेथील ११४५ मधील शिलालेख मिराशींनी कलचुरी लेखांच्या आपल्या बृहद्ग्रंथात समाविष्ट केला आहे. अभयारण्य पावसाळ्यात बंद असते. सिरपूरसाठी नोव्हेंबर ते फेब्रुवारी हा काळ उत्तम. माघ पौर्णिमेच्या सुमारास येथे महोत्सव भरतो; तेव्हा उत्साह मिळेल, निवांतपणा नाही.

शक्य असल्यास आदल्या दिवशी रायपूरचे महंत घासीदास स्मारक संग्रहालय पाहावे. १८७५ मध्ये स्थापन झालेल्या या संग्रहालयात वासटेच्या शिलालेखाबरोबर सिरपूरच्या कांस्यमूर्ती आहेत. १९३९ मध्ये योगायोगाने सापडलेल्या त्या संग्रहातील काही मूर्ती बाहेर गेल्या. तारेची एक देखणी मूर्ती आज लॉस एंजेलिसच्या कला संग्रहालयात आहे. संग्रहालयाच्याच आवारातील ‘गढकलेवा’मध्ये फरा, चीला, ठेठरी असे छत्तीसगडी पदार्थ मिळतात.

नोंदणीपूर्वी विचारायचे प्रश्न

सहल ठरविताना काही गोष्टी आधी विचारून घेणे हिताचे असते. गटात जास्तीत जास्त किती जण असतील? मार्गदर्शक दिवसभर सोबत राहील की केवळ लक्ष्मण मंदिरापुरता? तो स्थानिक आहे का, आणि हिंदीखेरीज अन्य भाषा बोलतो का? वाहनाला प्रवासी वाहतुकीचा परवाना, म्हणजेच पिवळी नंबरपाटी आहे का? तिकिटे, जेवण आणि पाणी शुल्कात धरले आहे का? ज्येष्ठांना पायऱ्या टाळून काय पाहता येईल?

याखेरीज एक प्रश्न प्रत्यक्ष सहलीत, मार्गदर्शकाने काही सांगितल्यावर, नम्रपणे विचारता येतो : ‘हे लेखात आहे, उत्खननावरून ठरले आहे, की लोक असे सांगतात?’ जाणत्या मार्गदर्शकाला या प्रश्नाचा राग येत नाही. उलट आपला श्रोता ऐकायला आला आहे, हे त्याला कळते आणि पुढच्या विहारात तो अधिक मन लावून बोलतो.