शाळेच्या वाटेवरील दोन चाके

वाहनांविषयी बोलावयाचे म्हटले म्हणजे बोलणारा सहसा आगगाडीपासून प्रारंभ करतो. १६ एप्रिल १८५३ रोजी बोरीबंदराहून ठाण्याकडे पहिली गाडी सुटली, तिला चौदा डबे होते, सुमारे चारशे पाहुणे त्यांत बसले होते व तीन इंजिने ती ओढीत होती, ही हकीकत आम्हां मास्तर मंडळींनी पिढ्यान्‌पिढ्या मुलांकडून पाठ करवून घेतली आहे. तिचे महत्त्व नाकारण्याचा माझा हेतू नाही. परंतु पस्तीस वर्षे खेड्यापाड्यांतील शाळांतून घालविल्यावर माझे मत असे बनले आहे की, सामान्य माणसाचे भवितव्य शंभर कोसांच्या प्रवासापेक्षा घराच्या उंबरठ्यापासूनच्या पहिल्या पाच किलोमीटरांवर अधिक अवलंबून असते. आज मी त्या पाच किलोमीटरांविषयी आणि त्यांवरून धावणाऱ्या सर्वांत गरीब वाहनाविषयी बोलणार आहे. आपल्या आजोबा-पणजोबांच्या काळी कित्येक लोक त्याला पायगाडी म्हणत. आपण सायकल म्हणतो.

प्राथमिक शाळेच्या कचेरीत एक कपाट असते आणि त्यात शाळा सोडल्याच्या दाखल्यांची पुस्तके असतात. माझी बरीच नोकरी अशा एका गावी झाली की जेथे शाळा सातवीपर्यंतच होती. आठवीसाठी पाच किलोमीटरांवरील बाजारगावी जावे लागे. वाटेत एक ओढा आणि त्यापलीकडे दुतर्फा ऊस. दरवर्षी निकाल लागला की मी दाखले लिहून ठेवीत असे. मुलांचे दाखले आठवड्याभरात जात. मुलींचे काही दाखले मात्र कपाटातच राहत. ते न्यावयास कोणी येतच नसे. एका मुलीचे गणित इतके चांगले होते की, फळ्यावर माझी चूक झाली तर ती हात वर करी. तिचा दाखला श्रावणापर्यंत पडून राहिला, तेव्हा मीच तिच्या घरी गेलो. तिचे वडील म्हणाले, "गुरुजी, पोर हुशार हाय, मला का ठावं न्हाई? पण दिवाळीनंतर सहाला अंधार पडतोय. त्या उसातनं एकटी येणार कशी?" मजजवळ उत्तर नव्हते. तो गृहस्थ शिक्षणाचा शत्रू नव्हता; आपल्या मुलीच्या वाटेची त्याला काळजी होती, इतकेच. रजिस्टरात मी 'सातवी उत्तीर्ण' असे कारण लिहिले. ते खरेच होते, आणि त्यावरून कोणालाही काही कळणार नव्हते.

आता थोडा हिशेब करू. बारा-तेरा वर्षांचे मूल दप्तर घेऊन तासाला सुमारे चार किलोमीटर चालते, म्हणजे पाच किलोमीटरांस सव्वा तास आणि जाऊन-येऊन अडीच तास. सायकलीवर तेच मूल तासाला बारा किलोमीटर सहज जाते. त्याला एका खेपेस पंचवीस मिनिटे पुरतात. दिवसाकाठी शंभर मिनिटे वाचली. शाळेचे दिवस २२० धरले तर वर्षाला बावीस हजार मिनिटे, म्हणजे सुमारे ३६६ तास झाले. शाळेचा दिवस पाच तासांचा मानिल्यास हे त्र्याहत्तर दिवसांचे शिक्षण होते. मुलीच्या बाबतीत तर या शंभर मिनिटांचे मोल आणखी वाढते, कारण घरचे पाणी, भाकरी आणि धाकटी भावंडे यांची कामे त्याच मिनिटांतून काढावी लागतात. संध्याकाळी ती सहाऐवजी पाचाच्या सुमारास घरी पोहोचते, हाही त्या हिशेबाचाच भाग. उसातील अंधार तेवढ्याने टळतो.

हे यंत्र आज इतके साधे दिसते की, त्याला वर्तमान रूप येण्यास सत्तर वर्षे लागली असतील असे वाटत नाही. १८१७ साली जर्मनीतील कार्ल फॉन ड्राइस याने केलेल्या दुचाकीला पायडलच नव्हते. बसणारा जमिनीवर पाय रेटीत जाई. १८६० नंतर फ्रान्समध्ये पुढील चाकाला पायडले आली. पायडलाच्या एका फेऱ्यात अधिक अंतर जावे म्हणून पुढचे चाक वाढत वाढत माणसाच्या छातीइतके उंच झाले. त्या उंच सायकलीवरून पडणे म्हणजे तोंडावरच पडणे. ती धाडसी तरुणांची चैन होती. १८८५ साली इंग्लंडात स्टार्ली याने दोन्ही चाके जवळजवळ सारखी करून साखळीने मागचे चाक फिरविले. वेगासाठी आता मोठे चाक नको, मोठी दातेरी चकती पुरे झाली. १८८८ साली बेलफास्टमधील गुरांचे डॉक्टर डनलॉप यांनी आपल्या मुलाच्या तीनचाकीसाठी हवा भरलेली रबरी धाव बनविली आणि खडबडीत रस्त्याचे हादरे कमी झाले. पुढे दांडी खाली वाकवून लेडीज सायकल आली, तेव्हा घागरा किंवा साडी नेसलेल्या बाईलाही बसण्या-उतरण्याची सोय झाली. उंच चाकावरील तरुणाची चैन अशा रीतीने जमिनीच्या जवळ आली आणि त्याच्या बहिणीच्याही हाती पडली.

परंतु यंत्र निर्माण होणे आणि ते गरजवंताच्या हाती पडणे यांत पुष्कळ अंतर असते. आपल्याकडे घरात एकच सायकल असेल तर ती प्रथम वडिलांची, नंतर थोरल्या मुलाची. मुलगी बसली तर कॅरिअरवर. हा क्रम मोडावयाचा असेल तर सायकल मुलीच्याच नावाने घरात आली पाहिजे. बिहार सरकारने २००६ साली हेच केले. नववीत प्रवेश घेणाऱ्या मुलीला सायकल घेण्यासाठी दोन हजार रुपये देण्याची योजना त्याने काढली. इयत्ता नववी ही निवड मला मोठी मार्मिक वाटते. २००९ च्या शिक्षणहक्क कायद्याखाली पुढे जे नियम झाले, त्यांनी पहिली ते पाचवीची शाळा एक किलोमीटरच्या आत आणि आठवीपर्यंतची तीन किलोमीटरच्या आत असावी असे ठरविले. पण हा हक्क आठवीला, चौदाव्या वर्षी संपतो. जेथे मुलीचे वय घरच्यांना काळजीत टाकू लागते, नेमकी तेथेच शाळाही दूर जाते.

या योजनेचा परिणाम कार्तिक मुरलीधरन आणि निशिथ प्रकाश या दोन अर्थशास्त्रज्ञांनी तपासला. त्यांची रीत ऐकण्याजोगी आहे. त्या काळात बिहारात रस्तेही सुधारत होते. मग नववीतील मुली वाढल्या त्या सायकलीमुळेच, हे कशावरून? त्यांनी मुलींच्या संख्येतील वाढ मुलांच्या वाढीशी ताडून पाहिली, कारण मुलांना तेव्हा सायकल मिळत नव्हती. मग हाच फरक त्यांनी शेजारच्या झारखंडात पाहिला. झारखंड २००० सालापर्यंत बिहारचाच भाग होता आणि तेथे ही योजना नव्हती. ही दुहेरी चाळणी लावल्यावर असे आढळले की, योग्य वयात माध्यमिक शाळेत जाणाऱ्या मुलींचे प्रमाण ३२ टक्क्यांनी वाढले आणि मुलगा व मुलगी यांतील तफावत ४० टक्क्यांनी घटली. शिवाय ही वाढ मुख्यतः ज्या गावांपासून माध्यमिक शाळा तीन किलोमीटर वा अधिक दूर होती तेथे दिसली. शाळा दारातच असलेल्या गावी फारसा फरक पडला नाही. हा शेवटचा निष्कर्ष वाचून मी पुस्तक मिटून थोडा वेळ बसून राहिलो. कपाटातील दाखल्यांचे कारण कोणीतरी आकड्यांत लिहिले होते.

आणखी एक गोष्ट आकड्यांबाहेरची. एकटी मुलगी रस्त्याने चालली की तिच्याकडे डोळे वळतात. पंधरा मुली पंधरा सायकलींवरून घंट्या वाजवीत जाऊ लागल्या की पारावरच्या मंडळींनाच पाय आवरून बसावे लागते. तमिळनाडूच्या पुदुक्कोट्टै जिल्ह्यात १९९१ च्या सुमारास साक्षरतेची मोहीम चालली असता तेथील जिल्हाधिकारी शीला राणी चुंकत यांनी स्त्रियांना सायकल शिकविणे हा त्या मोहिमेचाच भाग केला. हजारो बायका शिकल्या. लेडीज सायकली अपुऱ्या पडल्या, तेव्हा त्यांनी पुरुषी सायकली घेतल्या, आणि कित्येकींना त्याच आवडल्या. कारण दांडीवर मूल बसविता येते! जी दांडी बायकांची अडचण म्हणून कारागिरांनी वाकविली, तिचा असा उपयोग त्या बायकांनी स्वतःच शोधून काढला.

आपल्या राज्यातही मागास तालुक्यांत मानव विकास कार्यक्रमाखाली आठवी ते बारावीच्या गरजू मुलींना सायकली दिल्या जातात आणि त्याच कार्यक्रमाच्या निळ्या एस. टी. गाड्या मुलींना शाळेत ने-आण करितात. १ जून १९४८ रोजी पुणे-अहमदनगर मार्गावर निघालेल्या पहिल्या एस. टी. नंतर खेड्यातील शिक्षणावर या गाडीचे केवढे ऋण झाले, हा स्वतंत्र भाषणाचा विषय आहे. तथापि गाडीचे वेळापत्रक दुसऱ्याच्या हाती असते. ऑक्टोबर २०२१ अखेरपासून एप्रिल २०२२ पर्यंत एस. टी. च्या कर्मचाऱ्यांचा संप चालला. कामगारांची दुःखे खरी होती, त्याविषयी मला येथे बोलावयाचे नाही. परंतु त्या महिन्यांत पासावर शाळेत जाणारी मुले घरी बसली आणि सायकल असलेली मुले जात राहिली, हे मी डोळ्यांनी पाहिले.

सायकल सर्वत्र चालते, असे मात्र कोणी समजू नये. कोकणातील चढणीवर ती ढकलीतच न्यावी लागते. काळ्या रानात पहिला पाऊस झाला की मडगार्डात चिखल भरून चाक जाम होते आणि मग वाहन स्वाराच्या खांद्यावर बसते. अशा ठिकाणी आधी रस्ता आणि पूल, अथवा वेळेवर येणारी गाडी हाच उपाय. काही ठिकाणी उंचीचा विचार न करता एकाच मापाच्या सायकली वाटतात. मग सातवी-आठवीच्या मुली दांडीखालून पाय घालून अर्ध्या पायडलावर चालवितात.

सर्वांत क्षुल्लक वाटणारी अडचण पंक्चरची. आमच्या बाजारगावच्या शाळेत मी नोकरीच्या अखेरीस काही काळ होतो. तेथे सायकलींच्या छपरामागे दहा-बारा सायकली हवा गेलेल्या अवस्थेत गंजत पडल्या होत्या. चौकशी केली तेव्हा कळले की, पंक्चर काढणारा स्टँडवर बसतो आणि तेथे उभे राहावयास मुली कचरतात. वडील रविवारी नेतो म्हणतात आणि रविवार येत नाही. तेवढ्यावरून मुलगी पुन्हा पायी, आणि पायी म्हणजे आठवड्यातून दोन दिवस घरी. तेव्हा कार्यानुभवाच्या तासाला मी एक घमेले, दोन पाने, काचकागद, सोल्युशनची नळी आणि जुन्या ट्यूबचे तुकडे आणले. पहिल्या दिवशी मुलगे पुढे आणि मुली मागे उभ्या राहिल्या. मी ट्यूब घमेल्यातील पाण्यात बुडवून हळूहळू फिरवू लागलो. बुडबुडे दिसताच मागून एक मुलगी पुढे आली व माझ्या हातातून ट्यूब घेऊन तिने त्या जागेवर अंगठा दाबून धरला. दिवाळीच्या सुटीपर्यंत छपरामागची जागा रिकामी झाली होती, आणि मुलगे आपल्या सायकली पंक्चर काढावयास तिच्याकडे आणू लागले होते. ती एका पंक्चरचे पाच रुपये घेई.